ऑफिसचा ॲक्टिव्हेटर काढताना चुकतो तो क्रम

असेंबल केलेला कॉम्प्युटर दुकानातून येतो तोच 'सगळं टाकून'. विंडोज, वर्ड-एक्सेल, मराठी फाँट, पीडीएफवालं काहीतरी, आणि डी ड्राइव्हवर 'सॉफ्टवेअर' नावाचं एक फोल्डर. यातलं विंडोज आणि ऑफिस (म्हणजे वर्ड-एक्सेल) बहुतेक विकत घेतलेलं नसतं; ॲक्टिव्हेटर नावाच्या चोरट्या प्रोग्रामने चालू केलेलं असतं. वर्ष-दोन वर्षं बिनबोभाट चालतं. मग कधीतरी सीए हटकतात, नाहीतर टॉवेलची ऑर्डर देणारी बाहेरची कंपनी व्हेंडर फॉर्ममध्ये सॉफ्टवेअर लायसन्सबद्दल विचारते. मालक खरी 'की' (लायसन्सचा नंबर) विकत घेतो, त्याच कॉम्प्युटरवर टाकतो आणि विषय संपला म्हणतो.

विषय तिथे संपत नाही. की नवीन आली, पण ॲक्टिव्हेटरने गप्प करून ठेवलेला अँटिव्हायरस, त्याने लावलेली छुपी कामं आणि त्याच्यासोबत आत आलेलं जे काही असेल ते जागच्या जागी राहतं. खरी की सगळ्यात शेवटी टाकायची असते. त्याआधीचं काम जास्त आहे आणि त्याला क्रम आहे.

## ॲक्टिव्हेटर आत काय करून ठेवतो

मोठ्या कंपन्या आणि विद्यापीठं शेकडो कॉम्प्युटरवर एकेक की टाकत बसत नाहीत. त्यांच्याकडे केएमएस नावाचा स्वतःचा सर्व्हर असतो. ऑफिस त्याला विचारून १८० दिवसांसाठी ॲक्टिव्हेट होतं आणि दर ७ दिवसांनी पुन्हा विचारायचा प्रयत्न करतं. बाजारातले बरेच ॲक्टिव्हेटर याच व्यवस्थेचं सोंग आणतात: तुमच्याच कॉम्प्युटरवर खोटा सर्व्हर बसवतात, नाहीतर इंटरनेटवरच्या कुणा अनोळखी सर्व्हरशी जोडून देतात. काही तर परवाना तपासणारी फाइलच बदलतात.

१८० दिवसांनी सोंग उघडं पडू नये म्हणून मागे गुपचूप चालणारं एक काम लावून ठेवावं लागतं, तेही ॲडमिनच्या अधिकाराने. आणि सुरुवातीलाच 'आधी अँटिव्हायरस बंद करा' ही सूचना असतेच. पूर्ण अधिकार, पहारा बंद, पुन्हा पुन्हा आत येण्याची सोय. चोराला याहून वेगळं काही लागत नाही. २०२१ मध्ये केएमएसपिको या ॲक्टिव्हेटरच्या नावाने फिरणाऱ्या इन्स्टॉलरमधून क्रिप्टबॉट नावाचा प्रोग्राम पसरत असल्याचं उघड झालं. तो ब्राउझरमधले पासवर्ड, कुकीज (लॉगिन लक्षात ठेवणाऱ्या छोट्या फायली) आणि क्रिप्टो वॉलेट उचलत असे. फायलींना कुलूप घालणारा स्टॉप-डीजेव्हीयू हा खंडणीखोर प्रोग्रामही क्रॅक आणि ॲक्टिव्हेटरच्याच वाटेने येतो. त्याची बरीच वर्षं ठरलेली मागणी ९८० डॉलर होती, ७२ तासांत दिले तर ४९०.

कायद्याचं थोडक्यात. कॉपीराइट कायदा १९५७ च्या कलम ६३ब नुसार कॉम्प्युटर प्रोग्रामची बेकायदा प्रत जाणूनबुजून वापरली तर किमान ७ दिवस ते ३ वर्षं कैद आणि ५० हजार ते २ लाख रुपये दंड आहे. वापर धंद्यासाठी नसेल तर कोर्ट कैद न देता ५० हजारांपर्यंतच्या दंडावर सोडू शकतं. कारखाना, दुकान, डीटीपी सेंटर या सवलतीत बसत नाहीत.

## पायरी १ : आधी नुसतं बघा, हात लावू नका

पाच जागा बघायच्या. प्रत्येक स्क्रीनचा मोबाइलवर फोटो काढून ठेवा, पुढे लागतो.

वर्ड उघडून 'फाइल', मग 'अकाउंट'. तिथे 'प्रोफेशनल प्लस' लिहिलं असेल आणि तुमच्या फर्मचा मायक्रोसॉफ्टशी व्हॉल्यूम लायसन्सचा (एकगठ्ठा परवान्यांचा) करार नसेल, तर संशयाला भरपूर जागा आहे. प्रोफेशनल प्लस किरकोळ दुकानात एका पीसीसाठी डब्यात मिळणारी आवृत्ती नाही.

दुसरी जागा: 'सेटिंग्ज', 'सिस्टिम', 'ॲक्टिव्हेशन'. तुमच्या संस्थेच्या ॲक्टिव्हेशन सेवेमार्फत विंडोज सुरू आहे, अशा अर्थाचं इंग्रजी वाक्य दिसतंय का? तीन कॉम्प्युटरच्या छोट्या ऑफिसात अशी सेवा कुणी उभी केलेली नसते.

तिसरी आणि सगळ्यात बोलकी जागा: 'विंडोज सिक्युरिटी', 'व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन', 'मॅनेज सेटिंग्ज', आणि खाली 'एक्सक्लूजन्स'. अँटिव्हायरसने कुठे बघायचं नाही याची ही यादी. साधारण कॉम्प्युटरवर ती रिकामी असते किंवा तुम्हाला माहीत असलेलं एखादं फोल्डर असतं. इथे आख्खा सी ड्राइव्ह दिसला तर बाकी काही तपासायची गरज नाही, थेट पुढच्या पायरीवर जा.

चौथी, 'टास्क शेड्यूलर लायब्ररी', म्हणजे विंडोजने आपोआप चालवायच्या कामांची यादी. नावात केएमएस, ऑटो, रिन्यू, ॲक्टिव्हेशन असलेली आणि 'हायेस्ट प्रिव्हिलेजेस'ने चालणारी कामं शोधा. पाचवी जागा डी ड्राइव्हवरचं ते 'सॉफ्टवेअर' फोल्डर. इन्स्टॉल करणाऱ्या मुलाने मूळ झिप फाइल तिथेच सोडलेली असते, आणि तिच्या नावातच पासवर्ड लिहिलेला असतो. झिपला पासवर्ड घालतात ते अँटिव्हायरसला आत डोकावता येऊ नये म्हणून.

सावध : 'ॲक्टिव्हेटेड' हा शब्द दिसला म्हणजे सगळं खरं, असं नाही. काही ॲक्टिव्हेटर विंडोजला अगदी खऱ्यासारखंच दाखवायला लावतात. बिल सापडत नसेल तर लायसन्स नाही, असंच धरून चाला.

## पायरी २ : दिवस ठरवा, सामान जमवा, लायसन्स आधीच निवडा

महिन्याच्या ११ तारखेला जीएसटीआर-१ आणि २० ला ३बी भरायचा असेल, तर हे काम २१ नंतर काढा. शाळेच्या गणवेशाचा धंदा असेल तर एप्रिल ते जून विसरा. एका कॉम्प्युटरला अर्धा दिवस धरा, डेटा जास्त असेल तर पूर्ण दिवस.

सामान असं: किमान ८ जीबीचा रिकामा पेन ड्राइव्ह, डेटासाठी दोन बाहेरच्या हार्ड डिस्क, आणि ज्यावर कधीच ॲक्टिव्हेटर चाललेला नाही असा दुसरा कॉम्प्युटर. यूपीएसची बॅटरी आधी तपासून घ्या. विंडोज बसत असताना लाइट गेली की काम पहिल्यापासून.

लायसन्स याच पायरीवर ठरवायचं, फॉरमॅटनंतर नाही. कॉम्प्युटर कोरा झालेला, ऑफिस नाही, गिऱ्हाईक कोटेशनसाठी थांबलेलं, अशा वेळी 'तोवर तात्पुरतं टाकून देतो' हे वाक्य ऐकू येतंच. तेवढ्याने दिवसभराची मेहनत पाण्यात जाते.

पर्याय चार. नेहमी एक्सेल लागतं, जीएसटीआर-९ ची मॅक्रोवाली (फाइलच्या आत छोटा प्रोग्राम असलेली) एक्सेल युटिलिटी चालवावी लागते, अशा टेबलावर मायक्रोसॉफ्टचंच ऑफिस घ्या. एकदाच पैसे भरून हवं असेल तर 'होम अँड बिझनेस', कारण त्यात धंद्यासाठी वापरायची परवानगी आहे. एक लायसन्स म्हणजे एक कॉम्प्युटर. दुसरा पर्याय मायक्रोसॉफ्ट ३६५ ची बिझनेस वर्गणी. 'पर्सनल' आणि 'फॅमिली' स्वस्त दिसतात, पण ते घरगुती वापरासाठी आहेत.

तिसरा, लिब्रे ऑफिस. पूर्ण फुकट आणि धंद्यातही कायदेशीर. पत्रं, कोटेशन, हजेरी, साधी पगारपत्रकं यांना ते पुरून उरतं. चौथा, ब्राउझरमध्ये चालणारं गुगल डॉक्स. पाच टेबलं असतील तर पाच पेड लायसन्स घ्यायची गरज बहुधा नसते. अकाउंट्सच्या टेबलाला एक खरं एक्सेल आणि बाकी चौघांना लिब्रे ऑफिस, ही वाटणी बहुतेक फर्मना जमते.

जुनी आवृत्ती स्वस्तात मिळतेय म्हणून घेऊ नका. ऑफिस २०१६ आणि २०१९ चे सुरक्षा अपडेट १४ ऑक्टोबर २०२५ ला बंद झाले, ऑफिस २०२१ चे १३ ऑक्टोबर २०२६ पर्यंतच आहेत.

सावध, चार-पाचशे रुपयांची की : अशा स्वस्त कीज बहुतेक कुठल्यातरी संस्थेच्या व्हॉल्यूम करारातून फुटलेल्या असतात. आज चालतात, मायक्रोसॉफ्टने ब्लॉक केल्या की बंद. त्याहून घातक म्हणजे 'लाइफटाइम ३६५' म्हणून तयार यूजरनेम-पासवर्ड मिळतो ती योजना. ते खातं तुमचं नसतं, कुठल्यातरी संस्थेच्या ॲडमिनच्या हातात असतं. त्या वनड्राइव्हवर ठेवलेली तुमची रेट लिस्ट तो उघडू शकतो, आणि खातं एका क्लिकवर बंदही करू शकतो.

बिल फर्मच्या नावाने, जीएसटी नंबर टाकून घ्या. सॉफ्टवेअरवर १८ टक्के जीएसटी लागतो आणि धंद्यासाठी घेतलं असेल तर नियमाप्रमाणे त्याचं इनपुट क्रेडिट मिळतं. पुढे लायसन्स दाखवायची वेळ आली तर हाच कागद कामाला येतो.

## पायरी ३ : टॅली सोडवा, मग नेट काढा

हा टप्पा सर्रास विसरला जातो. टॅली या हिशेबाच्या प्रोग्रामचं लायसन्स त्या कॉम्प्युटरला बांधलेलं असतं. सरेंडर न करता, म्हणजे ते या कॉम्प्युटरवरून सोडवून न घेता, फॉरमॅट मारला तर नव्या विंडोजवर ते सहजी सुरू होत नाही. टॅलीप्राइममध्ये 'एफ१ हेल्प', 'सेटिंग्ज', 'लायसन्स', 'सरेंडर' असं जा. याला नेट लागतं, म्हणून हे आधी. इथे टॅलीचा पासवर्ड टाकावा लागेल. तो पुढच्या पायरीत बदलायच्या यादीत लिहून ठेवा.

लॅपटॉप असेल तर 'डिव्हाइस एनक्रिप्शन' किंवा 'बिटलॉकर' (डिस्कला कुलूप घालणारी विंडोजची सोय) चालू आहे का बघा. चालू असेल तर ४८ आकडी रिकव्हरी की कागदावर उतरवा. ती नसेल तर सी ड्राइव्ह साफ केल्यावर डी ड्राइव्ह उघडणार नाही.

डीएससीचा (डिजिटल सहीचा) टोकन यूएसबीतून काढून घ्या. मग नेटची केबल काढा, वायफाय बंद करा. ऑफिसातले बाकीचे कॉम्प्युटर एकाच राउटरवर असतील आणि फोल्डर शेअर केलेली असतील तर ते शेअरिंगही तोडा.

तपासणी : टॅली उघडल्यावर 'एज्युकेशनल' मोड दिसतोय? म्हणजे सरेंडर झालं.

## पायरी ४ : पासवर्ड बदला, पण या कॉम्प्युटरवरून नाही

संशय आला की माणूस त्याच खुर्चीत बसून, त्याच कीबोर्डवर बँकेचा नवा पासवर्ड टाकतो. आत चोर असेल तर त्याला नवाही मिळाला. सगळे पासवर्ड मोबाइलवरून किंवा स्वच्छ कॉम्प्युटरवरून बदला.

आधी ईमेल, कारण बाकी सगळ्यांचं 'फरगॉट पासवर्ड' तिथेच येतं. मग बँक आणि यूपीआय. त्यानंतर जीएसटी पोर्टल, ई-वे बिल, इन्कम टॅक्स, पीएफ, टॅली, आणि ऑनलाइन चादरी विकत असाल तर ते सेलर खातं.

पासवर्ड बदलून भागत नाही. चोरलेल्या कुकीमुळे पासवर्डशिवायही खातं उघडतं. म्हणून गुगल खात्यात 'सिक्युरिटी'खाली 'युवर डिव्हायसेस'मध्ये जाऊन जुन्या कॉम्प्युटरला साइन आउट करा आणि दोन टप्प्यांची पडताळणी सुरू करा. व्हॉट्सॲपमध्ये 'लिंक्ड डिव्हायसेस' उघडून सगळी लॉग आउट करा. ऑर्डरचे फोटो, पार्टीचे नंबर, चेकचे फोटो सगळे तिथेच असतात, तरी नेमकं हेच राहून जातं.

## पायरी ५ : डेटा घ्या, सेटअप घेऊ नका

फाइल एक्स्प्लोररमध्ये 'व्ह्यू'मधून 'फाइल नेम एक्स्टेन्शन्स' चालू करा. नाहीतर बिलाच्या नावाची, पीडीएफसारखी दिसणारी आणि शेवटी ईएक्सई असलेली (म्हणजे खरं तर प्रोग्राम असलेली) फाइल ओळखू येत नाही.

घ्यायचं ते: वर्ड, एक्सेल, पीडीएफ, फोटो, टॅलीचं डेटा फोल्डर, आउटलुक वापरत असाल तर मेल साठवणारी पीएसटी फाइल, डिझाइनच्या फायली. टॅलीचा पाथ कंपनी निवडायच्या स्क्रीनवर दिसतो, तो लिहून घ्या. अंदाजाने शोधायला गेलात तर दोन वर्षांपूर्वीची कॉपी हाती लागेल. डेस्कटॉप आणि डाउनलोड्स विसरू नका, ऑपरेटरचं अर्धं ऑफिस तिथेच असतं.

सोडायचं ते: ईएक्सई, एमएसआय, बॅट, अनोळखी झिप, आणि 'सॉफ्टवेअर' फोल्डर आख्खं. 'नंतर लागेल' म्हणून त्या फोल्डरची कॉपी घेणं म्हणजे फॉरमॅटनंतर तोच ॲक्टिव्हेटर पुन्हा घरात आणणं. मॅक्रोवाल्या एक्सएलएसएम फायली वेगळ्या फोल्डरमध्ये ठेवा, त्या शेवटी तपासून उघडायच्या.

एकच कॉपी दोन डिस्कवर घ्या. पहिली डिस्क स्वच्छ कॉम्प्युटरला लावून, काहीही न उघडता आधी पूर्ण स्कॅन करा. मग दहा-बारा फायली इकडून तिकडून उघडून बघा.

थांबा : फायली उघडत नसतील, नावापुढे विचित्र शेपूट लागली असेल आणि प्रत्येक फोल्डरमध्ये 'रीडमी' असेल तर फॉरमॅट मारू नका. पैसे भरू नका. डिस्क जशीच्या तशी बाजूला ठेवा. स्टॉप-डीजेव्हीयूच्या काही जुन्या प्रकारांच्या फायली मोफत साधनांनी सुटतात. खात्यातून पैसे गेले असतील तर लगेच १९३० वर फोन करा. पहिल्या काही तासांतच रक्कम अडवायची शक्यता जास्त असते.

## पायरी ६ : फॉरमॅट

'ॲक्टिव्हेटर अनइन्स्टॉल केला' यावर समाधान मानू नका. तो जातो, त्याने आणलेले पाहुणे जात नाहीत.

मायक्रोसॉफ्टच्या अधिकृत साइटवरून 'मीडिया क्रिएशन टूल' घेऊन, स्वच्छ कॉम्प्युटरवर विंडोजचा पेन ड्राइव्ह तयार करा. दुकानदाराच्या खिशातला तयार पेन ड्राइव्ह नको, त्यातली विंडोज आधीच 'शिजवलेली' असू शकते. कॉम्प्युटर त्या पेन ड्राइव्हवरून सुरू (बूट) करून 'कस्टम' निवडा, ज्या डिस्कवर विंडोज होती तिची जुनी पार्टिशन्स काढा आणि मोकळ्या जागेवर बसवा. डी ड्राइव्ह त्याच डिस्कवर असेल तर तीही काढा. डेटा दोन ठिकाणी आहे, भ्यायचं कारण नाही. डी तशीच ठेवणारे 'सॉफ्टवेअर' फोल्डरही तसंच ठेवतात.

ब्रँडेड लॅपटॉपची विंडोज की बहुधा बायोसमध्ये, म्हणजे मशीनच्याच चिपमध्ये असते. मूळ आवृत्ती 'होम' होती तर 'होम'च बसवा, ती आपोआप ॲक्टिव्हेट होते. दुकानदाराने वर 'प्रो' चढवलेली असेल आणि तुम्हीही 'प्रो' निवडली तर कीची मागणी येईल. असेंबल पीसीला मात्र विंडोजचंही लायसन्स घ्यावं लागतं. ऑफिस खरं आणि खालची विंडोज खोटी ठेवली, तर ती चालू ठेवायला तोच ॲक्टिव्हेटर परत येतो. विंडोज १० चे मोफत अपडेटही १४ ऑक्टोबर २०२५ ला थांबलेत, तेव्हा मशीन चालत असेल तर विंडोज ११ बसवा.

जकार्डच्या (कापडात नक्षी विणण्याच्या) डिझाइनचा किंवा मशीनला जोडलेला एखादा कॉम्प्युटर असा असतो की तो फॉरमॅट केला तर मशीनवाल्या कंपनीचा माणूस येईपर्यंत काम ठप्प. तिथे एक्सक्लूजन्स रिकामे करा, ती शेड्यूल कामं काढा, ऑफिस काढून टाका, 'डिफेंडर ऑफलाइन स्कॅन' चालवा. आणि त्याला इंटरनेटपासून कायमचं तोडा. बँक, मेल, जीएसटी त्यावर पुन्हा नाही.

## पायरी ७ : आता की

विंडोज अपडेट पूर्ण होऊ द्या, दोन-तीनदा रीस्टार्ट मागेल. मग ऑफिस अधिकृत खात्यातून डाउनलोड करा.

साइन इन करताना फर्मचा ईमेल वापरा. बसवून देणाऱ्या मुलाच्या जीमेलवर लायसन्स चढवलेलं असतं, तो मुलगा पुण्याला नोकरीला जातो, आणि पुढच्या फॉरमॅटला की कुणाकडेच नसते. नव्या लॅपटॉपसोबत आलेल्या ऑफिसलाही हेच लागू: ते पहिल्यांदा ज्या खात्याने उघडाल त्याचंच होतं.

लिब्रे ऑफिस घेतलं असेल तर मराठीसाठी एक गोष्ट: 'टूल्स', 'ऑप्शन्स', 'लँग्वेजेस'मध्ये 'कॉम्प्लेक्स टेक्स्ट लेआउट' चालू करून त्यापुढे मराठी निवडा. देवनागरीचा फाँट इंग्रजीपासून वेगळा ठरवावा लागतो; तो न ठरवल्यामुळेच 'लिब्रेमध्ये मराठी नीट दिसत नाही' ही तक्रार येते. वर्डच्या जुन्या फाइलमध्ये पानं थोडी सरकतील, लेटरहेड एकदा बसवून टेम्प्लेट करून ठेवा. श्रीलिपीसारख्या जुन्या फाँटमधली पत्रकं युनिकोड नाहीत, त्यांना त्यांचाच फाँट लागतो, आणि त्याचंही लायसन्स असतं.

नेटवरून आलेल्या फाइलमधले मॅक्रो ऑफिस आता स्वतःहून अडवतं. जीएसटी पोर्टलवरून स्वतः उतरवलेल्या युटिलिटीपुरतंच राइट क्लिक, 'प्रॉपर्टीज', 'अनब्लॉक' करा. व्हॉट्सॲपवर आलेल्या एक्सेलला हा मान देऊ नका.

शेवटी ऑपरेटरसाठी 'स्टँडर्ड यूजर' खातं काढा आणि ॲडमिनचा पासवर्ड मालकाकडे ठेवा. मग डेटा परत टाका, टॅली ॲक्टिव्हेट करा, डीएससीचा ड्रायव्हर बसवा.

शेवटची तपासणी : 'अकाउंट'मध्ये तुमची आवृत्ती आणि फर्मचाच ईमेल. 'ॲक्टिव्हेशन'मध्ये संस्थेच्या सेवेचा उल्लेख नाही. 'एक्सक्लूजन्स' कोरी. 'रिअल-टाइम प्रोटेक्शन' चालू. हेच चार स्क्रीन आठवड्याने पुन्हा बघा, आणि पुढे कधीही कुणी बाहेरचा माणूस प्रिंटर किंवा नेटवर्कचं काम करून गेला की त्याच संध्याकाळी बघा.

कोणतं लायसन्स, कोणत्या ईमेलवर, बिल नंबर, टॅलीचा सिरीयल नंबर, बिटलॉकरची की, हे सगळं एका कागदावर लिहून बिलांच्या फाइलमध्ये लावा. पासवर्ड मात्र त्यावर लिहू नका, आणि तो कागद मॉनिटरच्या मागे चिकटवू नका.